दुधाचें चीज

पोलादपुराहून महाबळेश्वराकडे निघालें कीं आंबेनळीचा घाट लागतो. सावित्री ज्या डोंगरांतून खालीं उतरते ते हे डोंगर. प्रतापगडामुळें या वाटेनें जाणारे पुष्कळ. परंतु आसपासच्या माळांवर म्हशी राखणाऱ्या गवळी-धनगरांच्या वाड्यांकडे वळून पाहणारे थोडे. आज जगांतील चीज आणि तें करणारीं माणसें यांविषयीं बोलावयाचें आहे, आणि मी सुरुवात धनगरवाड्यापासून करीत आहें. याचें कारण असें कीं, चीज हें मुळांत डोंगरावरच्या अडचणींतून निघालेलें अन्न आहे.

स्वित्झर्लंडांत उन्हाळा आला कीं गुराखी गायी घेऊन उंच कुरणांवर जातात. दूध रोज खालीं पोंचविणें पूर्वीं अशक्यच होतें. तेव्हां त्यांनीं वरच दूध विरजलें, वासराच्या जठरांतून काढलेलें रेनेट नांवाचें द्रव्य घालून तें घट्ट केलें, सुरीनें कापून त्यांतली निवळी काढून टाकली, आणि उरलेला गोळा दाबून, मीठ लावून मुरत ठेवला. कठीण चीजाच्या एका किलोला सुमारें १० लिटर दूध लागतें. इटलींतील पार्मेजानोचें एक चाक भरतें सुमारें ४० किलो, आणि निदान १२ महिने मुरल्यावांचून तें विकावयास काढीत नाहींत. दूध हलकें करून, टिकाऊ करून बाजारांत न्यावयाचें, एवढाच यांतला हिशेब.

आमच्या गवळ्यापुढें नेमका हाच हिशेब होता. दूध वर, बाजार खालीं, मध्यें नळीची वाट. त्यानें मात्र तूप केलें. असें कां? महाबळेश्वरावर वर्षाला ५००० मिलिमीटरांहून अधिक पाऊस पडतो. श्रावणांत जेथें पापडसुद्धां मऊ पडतो तेथें चीज मुरवावयाचें कोठें? तुपांत पाणीच नसतें, तें पावसाला दाद देत नाहीं. शिवाय वासराचें जठर ही वस्तु आमच्या घरांत शिरणारी नव्हे. (आजकाल बुरशीपासून केलेलें रेनेट मिळतें, तेव्हां ही अडचण आतां उरलेली नाहीं.)

परंतु माझ्या मतें याहून मोठी गोष्ट निराळीच आहे. माधव गाडगीळ आणि कैलाश मल्होत्रा या दोघां शास्त्रज्ञांनीं सह्याद्रींतील गवळी-धनगरांचा अभ्यास करून तो १९८२ सालीं प्रसिद्ध केला. त्यांत या लोकांचा जुना व्यवहार दिला आहे: दूध विरजावयाचें, घुसळावयाचें, लोणी खालच्या कुणब्याला देऊन धान्य घ्यावयाचें, आणि ताक घरांत ठेवावयाचें. यांतलें शहाणपण पहा. लोण्याबरोबर गेली ती केवळ चरबी. हाडामांसाला लागणारें प्रथिन ताकांत राहिलें, आणि तें पोरांच्या पोटांत गेलें. चीजाचें उलट आहे. तेथें प्रथिन आणि चरबी दोन्ही चाकांत बसून बाजारांत जातात. घरीं राहते ती निवळी, आणि पार्मा प्रांतांत ती डुकरांना पाजतात.

शाळेंत माझ्यापुढें धनगरवाड्यावरचीं मुलें बसत. पहाटे ताक-भाकरी खाऊन दोन डोंगर उतरून येणारीं तीं मुलें दुपारपर्यंत जांभई देत नसत, हें मीं वर्षानुवर्षें पाहिलें आहे.

आपल्या देशांत चीज मुळींच नाहीं असें मात्र कोणी समजूं नये. जम्मूच्या डोंगरांतील गुज्जर कलाडी करतात, आणि ती तव्यावर भाजून खातात. हुगळीकांठच्या बांदेलचें खारट चीज पोर्तुगीजांच्या वास्तव्याची आठवण मानलें जातें. पारशी मंडळींचें टोपलींतलें पनीर मुंबईकर श्रोत्यांना मीं काय सांगावें!

मुंबईंतच मौसम नारंग या बाईंनीं २०१५ सालीं ‘इलेफ्थेरिया’ नांवाचा चीजाचा उद्योग काढला. नॉर्वेजियन लोक निवळी आटवून एक तपकिरी चीज करतात, त्याला ब्रूनोस्ट म्हणतात. या बाईंनीं तें येथें केलें आणि २०२१ सालच्या जागतिक स्पर्धेंत रौप्यपदक मिळविलें. आपण खवा आटवितों तोच हा प्रकार. दुधाच्या जागीं निवळी, एवढाच फरक. टाकावयाच्या पाण्याचें सोनें करणें म्हणतात तें हें.

आणखी एक गोष्ट मला फार खटकते. फ्रान्समध्यें रोकफोर हें एक लहानसें खेडें आहे. तेथल्या गुहांत मुरलेल्या चीजालाच तें नांव लावतां येईल, असा कायदा १९२५ सालीं झाला. चेडर, ग्रुयेर हींही गांवांचींच नांवें. आमच्या डोंगरावरचें तूप मात्र व्यापाऱ्याच्या डब्यांत पडलें कीं बेवारशी होतें. ज्या बाईनें पहांटे रवी फिरविली तिच्या श्रमांचें चीज व्हावें तें कोठें?

घाटांत चीजाचा कारखाना काढावा, धनगरांना चार पैसे मिळतील, अशी सूचना कोणी केली तर मी तिला नाहीं म्हणणार नाहीं. पैसा लागतो, तरुण मुलें मुंबईला जातात तीं हौसेनें नव्हे. पण सगळें दूध सकाळीं गाडींत चढलें, तर त्या वाड्यांवर ताक कोणाच्या घरीं उरणार, आणि पहांटे दोन डोंगर उतरणाऱ्या पोराच्या भाकरीबरोबर काय असणार, हें कारखान्याची जागा ठरविण्यापूर्वीं त्या घरांतल्या बायांना विचारून घ्यावें.