वकील गायकाची शीळ



क्यूबा बेटावर पेपे सांचेस नावाचा एक शिंपी होता.
गिटार घेऊन तो संथ, हळवी प्रेमगीतं गायचा.
त्या गाण्यांना बोलेरो म्हणतात.

आपल्याकडेही असं हळवं गाणं आहे…
आपलं भावगीत.
आणि ते घरोघरी नेणाऱ्या पहिल्या गायकांपैकी एक होते,
जी. एन. जोशी.

जोशी शिकले वकिली. पण जीव गाण्यात.
मेहकरचे कवी ना. घ. देशपांडे, तेही वकीलच.
त्यांची ‘शीळ’ ही कविता जोशींनी गायली.
१९३०च्या दशकात तिची ध्वनिमुद्रिका निघाली,
आणि लोकांनी ती अक्षरशः उचलून धरली.

तेव्हा तबकडीच्या एका बाजूवर
जेमतेम तीन मिनिटं मावायची.
एवढ्यात कविता सांगायची.
शब्द स्पष्ट हवा. तान बेताची हवी.
जोशींनी हे फार सुंदर साधलं.
नाटकाबाहेर, मैफलीबाहेर, नुसत्या कवितेलाही
श्रोता मिळतो, हे त्यांनी दाखवलं.

पुढे जोशी एचएमव्ही कंपनीत गेले.
मोठमोठ्या कलावंतांचं गाणं-वाजवणं त्यांनी ध्वनिमुद्रित केलं.
संतूर, बासरी आणि गिटारची ‘कॉल ऑफ द व्हॅली’
ही गाजलेली ध्वनिमुद्रिका त्यांचीच निर्मिती.
माझ्या मते, हे काम त्यांच्या गाण्याइतकंच मोलाचं.

तर श्रोतेहो, नाव लक्षात ठेवा…
जी. एन. जोशी.
भावगीत घरोघरी नेणारे गायक.

आपल्या माळ्यावर जुन्या तबकड्या असतील,
तर भंगारात देऊ नका.
आधी त्यांच्यावरची नावं वाचा.