वधू मोठी, वर धाकटा



दुपारची कामे आटोपली की आपल्यापैकी पुष्कळजणी मोबाईलवर कोरियन मालिका पाहतात. २०१९ सालच्या ‘हॉटेल डेल लुना’त भुतांच्या धर्मशाळेची मालकीण हजार वर्षांहून मोठी, व्यवस्थापक मात्र तरुण. प्रीती जमते, पण संसार होत नाही. शेवटी ती परलोकी जाते.

आपल्या पुराणातली रेवती आठवा. ती पित्यासंगे ब्रह्मलोकी क्षणभर थांबली, तोवर पृथ्वीवर युगे लोटली. बलरामाहून ती कितीतरी मोठी, आणि उंचही. त्याने तिला परत पाठविले नाही; नांगराच्या टोकाने ठेंगणी केली व संसार मांडला. लहान व्हावे लागले ते मात्र तिलाच!

मुंबईच्या डॉक्टर अंजलीबाई सचिन तेंडुलकरांहून पाच वर्षांनी मोठ्या. १९९५ साली त्यांचे लग्न झाले. तेथे ना जादू लागली, ना नांगर.

आपल्या शेलूबाजारात मात्र मुलगी वर्षाने मोठी निघाली की स्थळ परत जाते. कायदा मुलीला १८ व मुलाला २१ वर्षे पूर्ण असावीत एवढेच म्हणतो. वधू धाकटीच हवी, असे म्हणत नाही. मग आपणच का म्हणावे? घरात बोलणी निघतील तेव्हा मुलीचे वय लपवू नका. दोघांचे मन विचारा.