पात्रनिवड : एक अनामिक कला

(सुवर्णमहोत्सवानिमित्त मंडळात झालेल्या भाषणाचा संक्षेप)



चित्रपट पाहून बाहेर पडताना 'या भूमिकेत दुसरे कोणी शोभलेच नसते' असे आपण सहज म्हणतो. ही प्रशंसा नटाच्या पदरात पडते, दिग्दर्शकाच्याही पडते. परंतु तो नट शोधून आणणाऱ्याची चौकशी आपण करीत नाही. पाश्चात्त्य चित्रसृष्टीत 'कास्टिंग डिरेक्टर' हे या कामाचे स्वतंत्र पद आहे. पटकथा वाचून प्रत्येक पात्राचे वय, भाषा व स्वभाव ध्यानी घ्यायचा, नाट्यगृहे धुंडाळायची, चाचण्या घ्यायच्या आणि दिग्दर्शकापुढे निवडक नावे ठेवायची, हे त्याचे कार्य. अंतिम निर्णय दुसऱ्याचा, म्हणून श्रेयही दुसऱ्याचे!

आपल्याकडे हे पद नव्हते तेव्हाही काम होतेच. 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) या चित्रपटासाठी दादासाहेब फाळके यांना तारामती मिळेना. स्त्रिया कॅमेऱ्यापुढे येण्यास राजी नव्हत्या. अखेर मुंबईत ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके यांच्यात त्यांना तारामती दिसली. पुढे 'लंकादहन' (१९१७) मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका साळुंके यांनीच केल्या.

आपल्या चेन्नईशी निगडित उदाहरण तर अधिक उद्बोधक आहे. कोल्हापूरच्या 'प्रभात'ने बाबूराव पेंढारकर यांच्या दिग्दर्शनाखाली 'सीता कल्याणम्' हा तमिळ बोलपट (१९३४) काढला. त्यात तेव्हाच्या मद्रासमधील एक अवघे कुटुंबच अवतरले. वडील सुंदरम अय्यर जनक झाले, मुलगा एस. राजम राम आणि मुलगी जयलक्ष्मी सीता! पुढे वीणावादक म्हणून कीर्ती मिळविणारा धाकटा बालचंदरही त्यात होता. बोलपटाच्या त्या आरंभकाळात गाता गळा ही नटाची पहिली पात्रता होती, आणि या घरात ती भरपूर होती. तथापि सख्ख्या भावाबहिणीने पतिपत्नीच्या भूमिका कराव्यात, हे अनेकांना रुचले नाही. गुण अचूक हेरला, तरी प्रेक्षकाचे मन हेरणे उरतेच, हा यातला धडा.

रिचर्ड ॲटनबरो यांच्या 'गांधी' (१९८२) चित्रपटाच्या वेळी भारतातील पात्रनिवडीचे काम डॉली ठाकोर यांच्याकडे होते. त्यातील कस्तुरबा म्हणजे पुण्याच्या रोहिणी हट्टंगडी. या भूमिकेसाठी त्यांना ब्रिटिश अकादमीचे पारितोषिक मिळाले. मात्र पात्रनिवडीसाठी पारितोषिक देण्यास त्याच अकादमीला २०२० साल उजाडावे लागले. ऑस्करने तर ते २०२५ सालच्या चित्रपटांपासून सुरू केले.

सरकारी सेवेत निवड समित्यांवर बसण्याचे प्रसंग मला अनेकदा आले. प्रमाणपत्रे माणसाने काय केले ते सांगतात. तो काय करू शकेल, हे समोर बसलेल्यालाच ओळखावे लागते. ती नजर ज्याच्यापाशी आहे, तो दुसऱ्याचे आयुष्य घडवून स्वतः बाजूला होतो.

आपल्या गणेशोत्सवातील नाटकांचे तरी वेगळे काय आहे? कचेरीतल्या अबोल कारकुनात नायक पाहणारे, 'मला नाही जमायचे' म्हणणाऱ्या गृहिणीला तालमीला आणणारे, परक्या मुलखात मराठी उच्चार शुद्ध असलेली मुले घरोघर हिंडून जमविणारे कोणीतरी होतेच. नटांची छायाचित्रे आपण जपली आहेत. त्यांना शोधून आणणाऱ्यांची नावे वडीलधाऱ्यांच्या स्मरणात आहेत तोवरच नोंदवून घ्यावीत, एवढीच या प्रसंगी माझी नम्र विनंती.