वाचलेला वेळ जातो कुठे?

(मंडळाच्या गणेशोत्सवात, इंदूर येथे केलेले भाषण)



गणपती ही बुद्धीची देवता, म्हणून तिच्या मांडवात आज थोडे विज्ञान बोलावे असे आम्ही ठरवले. मात्र ज्या नियमाबद्दल बोलणार आहोत तो कोणत्याही पाठ्यपुस्तकात सापडणार नाही, कारण तो काल्पनिक आहे. शाळेत आपण सर्वांनी पाठ केले आहे की ऊर्जा निर्माण करता येत नाही, नष्ट करता येत नाही, तिचे फक्त रूप बदलते. त्याच चालीवर आमचा नियम असा: वेळ निर्माण करता येत नाही, नष्टही करता येत नाही, तो फक्त एकाच्या खात्यातून दुसऱ्याच्या खात्यात जातो. याला 'काळाच्या अक्षय्यतेचा नियम' म्हणू या आणि तो कुठे टिकतो, कुठे मोडतो ते तपासू.

पहिली साक्ष पंचांगाची. चांद्रवर्ष सुमारे ३५४ दिवसांचे, सौरवर्ष ३६५ दिवसांचे. म्हणजे दरवर्षी सुमारे ११ दिवसांची तूट. २०२३ मध्ये गणेश चतुर्थी १९ सप्टेंबरला होती, २०२४ मध्ये ७ सप्टेंबरला, २०२५ मध्ये २७ ऑगस्टला. असेच मागे सरकत राहिलो तर दहा वर्षांत गणपती मे महिन्यात बसवावे लागतील! पण आपले पंचांग उधारी फार साठू देत नाही. साधारण ३२-३३ महिन्यांनी अधिक मास येतो आणि खाते जुळते. २०२२ मध्ये ३१ ऑगस्टला आलेले गणपती पुढच्या वर्षी १९ सप्टेंबरला गेले, ते अधिक श्रावणामुळे. ऐकायला हे आमच्या नियमासारखेच वाटते. पण इथे वेळ कुणाकडून कुणाकडे गेलेला नाही. मोजण्याच्या दोन पट्ट्या एकमेकींशी जुळवून घेतल्या, इतकेच.

दुसरी साक्ष भौतिकशास्त्राची, आणि ती तर सरळ विरोधात आहे. मोबाइलमध्ये रस्ता दाखवणाऱ्या जीपीएस उपग्रहांवरची घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. आइन्स्टाइनच्या सापेक्षतावादानुसार ते तसेच व्हायला हवे, आणि ही दुरुस्ती केली नाही तर रस्ता चुकेल. मग ते ३८ मायक्रोसेकंद कुणाच्या खात्यातून गेले? कुणाच्याच नाही. प्रत्येक घड्याळ आपापला वेळ मोजते. एकाचा वाढला म्हणून दुसऱ्याचा घटत नाही. निसर्गात आमचा नियम नापास.

तरी काळ आणि अक्षय्यता यांचे एक खरे नाते आहे. ते १९१८ साली एमी नोएथर या जर्मन गणितज्ञ विदुषीने दाखवून दिले. निसर्गाचे नियम काल होते तेच आज आहेत आणि उद्याही तेच राहतील, म्हणूनच ऊर्जा अक्षय्य राहते. म्हणजे अक्षय्य असते ती ऊर्जा, आणि ती तशी राहते ती नियम काळानुसार बदलत नाहीत म्हणून. आधुनिक भौतिकशास्त्राच्या पायातला हा एक दगड. पण त्या काळात गटिंगेन विद्यापीठात त्यांना स्वतःच्या नावाने शिकवायची परवानगी नव्हती. त्यांची व्याख्याने डेव्हिड हिल्बर्ट यांच्या नावाने जाहीर होत, आणि पगार काहीच नव्हता. वेळ त्यांचा, नाव दुसऱ्याचे.

मंडळी, आमच्या नापास नियमाला इथे पुन्हा जीव येतो. निसर्गात तो नसेल, माणसांत आहे. ययातीची कथा आपल्याला नवी नाही. शुक्राचार्यांच्या शापाने अकाली म्हातारपण आले. ते दुसऱ्या कुणी घेतले तरच सुटका. थोरल्या मुलांनी नकार दिला, धाकट्या पुरूने बापाचे म्हातारपण घेतले. ययातीला तारुण्याची हजार वर्षे मिळाली, पण ती आकाशातून पडली नाहीत. ती पुरूची होती.

आपल्या घरात असा पुरू कोण? कुकर आला, मिक्सर आला, कपडे धुण्याचे यंत्र आले. वेळ वाचला म्हणतात, तो गेला कुठे? २०१९ च्या राष्ट्रीय वेळ-वापर सर्वेक्षणात आढळले की घरकाम करणाऱ्या स्त्रिया त्यासाठी दिवसाला सरासरी २९९ मिनिटे देतात आणि घरकाम करणारे पुरुष ९७ मिनिटे. शिवाय त्या दिवशी घरकामाला हात लावलेले पुरुष शंभरातले जेमतेम २६, स्त्रिया ८१. पुरुषांच्या खात्यात जो निवांत वेळ जमा दिसतो तो कुणाच्या खात्यातून वजा झाला, हे सांगायला आइन्स्टाइन लागत नाही.

आता आपल्या मंडळाकडे पाहू. आपण आरतीला साडेसातला येतो. एकवीस मोदकांचा नैवेद्य समोर असतो. त्याआधी कुणीतरी नारळ खवलेला असतो, उकड मळलेली असते, एकेक पाकळी चिमटीत धरून मोदक वळलेला असतो. विकतचे मोदक आणले तरी नियम चुकत नाही. फक्त पुरू बदलतो. आपल्या घरांत इतक्या पिढ्या मराठी टिकली तीही अशीच. बाहेर सगळा व्यवहार हिंदीत चालत असताना कुणा आजीने रोज संध्याकाळी अर्धा तास नातवंडांना जवळ बसवून वाचायला शिकवले. तो अर्धा तास आज तुमच्याआमच्या जिभेवर आहे.

'वेळच नाही हो' ही तक्रार आम्ही दरवर्षी ऐकतो. आमचे म्हणणे एवढेच: आपल्याला जो वेळ मिळाला तो कुणी दिला, हे एकदा मोजू या. आणि परतफेडही करू या, कारण पुरूचे तारुण्य शेवटी ययातीनेही परत केले. म्हणून दोन सूचना. पुढच्या वर्षी प्रसादाच्या पाळ्यांचा तक्ता लागेल तेव्हा त्यात निम्मी नावे पुरुषांची असावीत. उकड मळायला शिकवणाऱ्या भगिनी आपल्याकडे आहेत. आणि ज्येष्ठांनी रविवारी एक तास मुलांच्या मराठी वाचनासाठी द्यावा, तरुणांनी त्यांना घरून आणण्या-पोहोचवण्यासाठी एक तास द्यावा. वही कार्यालयात ठेवली आहे. आरतीनंतर नाव लिहूनच घरी जावे, ही विनंती.

गणपती बाप्पा मोरया!