खुली जागा कुणाची?

गटाच्या बैठकीत हप्ते-व्याज लिहून झालं की हल्ली मुलींच्या नोकरीचा विषय निघतो. कुणाची मुलगी डी.एड. झालीय, कुणाची सून टीईटी पास आहे. शिक्षक भरतीची यादी लागली की एखादी ताई म्हणतेच, "ती तर ओबीसी. तिला ओपनची जागा कशी दिली? आमच्या मुलीची जागा गेली." मग शेजारी बसणाऱ्या दोघी बोलायच्या बंद होतात. म्हणून आज हा नियम नीट समजून घेऊ.

खुली जागा कुठल्या एका जातीची नसते, ती सगळ्यांची असते. 1992 साली इंद्रा साहनी खटल्यात, ज्याला आपण मंडलचा खटला म्हणतो, सर्वोच्च न्यायालयानं हे सांगितलं. मागास प्रवर्गातला उमेदवार स्वतःच्या गुणांवर खुल्या यादीत बसत असेल, तर त्याची जागा आरक्षणात मोजायची नाही.

हिशोब करून पाहू. समजा शिक्षकांच्या 10 जागा आहेत. 5 खुल्या, 5 राखीव. आधी सगळ्यांचे गुण एकत्र लावून खुल्या 5 भरायच्या. त्यात ओबीसी मुलगी तिसरी आली, तर ती खुल्या जागेवर जाते आणि तिच्या प्रवर्गाची जागा मागच्या मुलीसाठी शिल्लक राहते. पण हुशार मुलीला जात बघून राखीव जागेत ढकललं, तर मागची मुलगी बाहेर पडते. शिवाय खुल्या 5 जागा उरलेल्यांचा कोटा होऊन बसतात.

उत्तर प्रदेशात सहायक शिक्षकांच्या 69 हजार जागांवर हाच वाद पेटला. परीक्षा झाली जानेवारी 2019 मध्ये. जास्त गुणांच्या आमच्या उमेदवारांना राखीव जागांत मोजलं, त्यामुळे आमच्या जागा घटल्या, असं म्हणत मागास प्रवर्गातले उमेदवार कोर्टात गेले. ऑगस्ट 2024 मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयानं नवी यादी करायला सांगितलं. पुढच्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयानं त्याला स्थगिती दिली. परीक्षेला तोवर साडेपाच वर्षं उलटली होती. कामावर असलेल्यांना नोकरी जायची धास्ती, बाहेर थांबलेल्यांचं वय सरत चाललेलं. यादी पहिल्यांदाच नीट लावली नाही की असे दोन्हीकडचे लोक भरडले जातात.

महिलांच्या राखीव जागांचं काय? हा प्रश्न उत्तर प्रदेशाच्याच पोलीस भरतीत आला. एका ओबीसी मुलीला 276 हून जास्त गुण होते. खुल्या महिलांच्या यादीत शेवटची निवड 274 गुणांवर झाली, तरी हिला घेतलं नाही. डिसेंबर 2020 मध्ये सौरव यादव खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की खुल्या महिलांच्या जागांवर कुठल्याही जातीची स्त्री गुणांवर येऊ शकते. आपल्या मुंबई उच्च न्यायालयानंही आधी हीच भूमिका घेतली होती. विशेष म्हणजे, आधी नेमलेल्या महिलांच्या नोकरीला धक्का न लावता या मुलींना न्याय दिला गेला.

आता कामाचं. अर्जात जात लिहिली म्हणून खुल्या जागेचा हक्क जात नाही. मात्र वय, फी किंवा पात्रतेच्या गुणांत सवलत घेतली असेल, तर नियम भरतीप्रमाणे बदलतो. जाहिरातीतली ती ओळ दोनदा वाचा. यादी लागल्यावर प्रत्येक प्रवर्गाचा कटऑफ वहीत उतरवा. तुमचे गुण खुल्या कटऑफच्या वर असून निवड झाली नसेल, तर दिलेल्या मुदतीत लेखी हरकत द्या आणि पोच घ्या. पुढे वकील लागला, तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. कायद्यानं प्रत्येक स्त्रीला तिथं मोफत मदत मिळते, उत्पन्नाची अट नाही.

आणि पुढच्या वेळी गावातली एखादी मुलगी खुल्या जागेवर लागली, तर तिची जात विचारण्याआधी तिचे गुण विचारा. ती जागा तिनं त्या गुणांवर मिळवलेली असते. बैठकीला येताना जाहिरातीची प्रत घेऊन या, मिळून वाचू.