पवनेकाठचे चिंचवड



आपल्यापैकी पुष्कळजण नदीकाठच्या गावांत राहत असतील. नदी रोज डोळ्यांपुढे असते, म्हणूनच की काय, तिच्याविषयी आपण फारसा विचार करीत नाही. आपले गाव नेमके इथेच का वसले? कोसभर वर का नाही, कोसभर खाली का नाही? असा प्रश्न एखाद्या चुणचुणीत मुलाने वर्गात विचारला, तर गुरुजींनी काय उत्तर द्यावे? आज मी अशाच एका गावाची हकिगत सांगणार आहे. गाव तुमच्या ओळखीचे आहे, निदान नाव तरी आहेच. पुण्याच्या वायव्येला सुमारे सोळा किलोमीटरवर, पवना नदीच्या काठी वसलेले चिंचवड.

आधी नदीची ओळख करून घेऊ. पवना सह्याद्रीच्या माथ्यावर, लोणावळ्याच्या दक्षिणेस उगम पावते. तिच्या खोऱ्याला म्हणतात पवन मावळ. एका बाजूला लोहगड आणि विसापूर, दुसऱ्या बाजूला तुंग आणि तिकोना, असे चार किल्ले या खोऱ्यावर राखणीला उभे आहेत. घाटमाथ्यावर पाऊस कसा पडतो ते मावळातल्या श्रोत्यांना मी काय सांगावे! लोणावळ्याला वर्षाकाठी चार हजार मिलिमीटरांच्या आसपास पाऊस होतो. तिथून पूर्वेकडे पन्नास-साठ किलोमीटर चालत आलात, की पुण्याला तो जेमतेम सातशे-साडेसातशेवर येतो. म्हणून वरच्या अंगाला भाताची खाचरे आणि खाली येता येता बाजरी-ज्वारीची शेते. चिंचवड या दोहोंच्या मधल्या प्रदेशात पडते. पाऊस बेताचा, पण नदीला पाणी डोंगराचे. गाव वसायला याहून चांगली जागा कोणती? पूर डोंगरातून येणार, तेव्हा वस्ती काठावर पण थोडी उंचावर करायची. पाणी मात्र हाताशी ठेवायचे. आपल्या जुन्या माणसांनी हा हिशेब बरोबर केलेला आहे.

चिंचवड नदीच्या उत्तर काठावर आहे, समोर पलीकडे थेरगाव. नावाची फोड लोक करतात ती अशी, की चिंच आणि वड या दोन झाडांवरून चिंचवड. शेजारची नावे पाहा ना! पिंपरी, पिंपळे गुरव, पिंपळे सौदागर. या नावांत झाडे अजून उभी आहेत, प्रत्यक्षात किती राहिली ते मोजायला मात्र फार वेळ लागणार नाही.

या गावाला महाराष्ट्रभर नाव मिळाले ते मोरया गोसावी यांच्यामुळे. हे थोर गणेशभक्त. त्यांचे पहिले ठिकाण कऱ्हा नदीकाठचे मोरगाव. परंपरा असे सांगते, की ते चिंचवडास राहू लागल्यावरही नेमाने मोरगावच्या वारीला जात. पुढे म्हातारपण आले. चालवेना. तेव्हा कऱ्हेत स्नान करताना त्यांच्या ओंजळीत गणेशाचा तांदळा आला, आणि तो त्यांनी चिंचवडास आणून स्थापन केला. त्यांनी चिंचवडासच पवनेच्या काठी संजीवन समाधी घेतली. परंपरा त्यासाठी १५६१ हे साल सांगते. काही अभ्यासक त्यांचा काळ पुढच्या शतकात आणतात. समाधीवरचे दगडी मंदिर सतराव्या शतकाच्या मध्यास बांधले गेले. मार्गशीर्ष वद्य षष्ठीला तिथे मोठा उत्सव होतो. भाद्रपदात आणि माघात चिंचवडाहून मोरगावला पालखी जाते. आणि गणपती विसर्जनाच्या वेळी आपण सगळे ज्या ‘मोरया’चा गजर करतो, तो याच सत्पुरुषाच्या नावाचा, अशी समजूत आहे.

मोरया गोसावींचे चिरंजीव चिंतामणी महाराज. त्यांच्यापासून या घराण्याला ‘देव’ म्हणू लागले. लोक पिढ्यान्‌पिढ्या या घराण्यातल्या पुरुषाला प्रत्यक्ष गणपतीचा अंश मानीत. १८०९ साली मारिया ग्रॅहम नावाची इंग्रज बाई हे ‘देव’ पाहायला मुद्दाम चिंचवडास आली होती, आणि तिने आपल्या प्रवासवर्णनात ते लिहून ठेवले आहे. संस्थानाला राजेरजवाड्यांकडून इनामे मिळाली. आजही मोरगाव, थेऊर आणि सिद्धटेक या अष्टविनायकांतल्या तीन देवस्थानांची व्यवस्था चिंचवड देवस्थानाकडे आहे. ही तीन नावे ध्यानात ठेवा बरं का. पुढे त्यांचे काम पडणार आहे.

आता काळ बदलला तो कसा, ते पाहू. १४ जून १८५८ रोजी खंडाळा ते पुणे ही आगगाडी सुरू झाली. बोरघाटातला अवघड मार्ग पुरा व्हायला १८६३ साल उजाडले. तोवर उतारूंना घाट दुसऱ्या साधनाने ओलांडावा लागे. लोहमार्ग चिंचवडाजवळून गेला खरा, पण गावातून गेला नाही. तो गेला उत्तरेकडच्या सपाट माळावरून, मुंबई-पुणे रस्त्याला धरून. त्यामुळे चिंचवडे दोन झाली. नदीकाठी देवाचे चिंचवडगाव आणि माळावर चिंचवड स्टेशन. पहिले नदीने वसवले, दुसरे रुळांनी. पुढची सगळी वाढ कोणत्या चिंचवडाकडून झाली, हे सांगायला नकोच.

त्याआधी एक हकिगत सांगितलीच पाहिजे. याच गावात चापेकरांचा वाडा आहे. हरि विनायक चापेकर हे कीर्तनकार. त्यांचे तीन पुत्र दामोदर, बाळकृष्ण आणि वासुदेव. १८९६ च्या अखेरीस पुण्यात प्लेगची साथ आली. साथ आवरण्यासाठी रँड या अधिकाऱ्याच्या हाताखाली गोऱ्या सोल्जरांनी घराघरांत शिरून झडत्या घेतल्या, आणि लोक संतापले. २२ जून १८९७ च्या रात्री, व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाच्या हीरक महोत्सवाहून परतताना, गणेशखिंडीच्या रस्त्यावर रँड आणि आयर्स्ट यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. आयर्स्ट जागीच मेला, रँड काही दिवसांनी. दामोदरपंतांना १८ एप्रिल १८९८ रोजी फाशी झाली. १८९९ च्या मे महिन्यात वासुदेव, त्यांचे साथीदार महादेव रानडे आणि बाळकृष्ण हे एकामागून एक फासावर गेले. एका घरातले तीन मुलगे! त्या आईबापांचे काय झाले असेल? या वाड्यात आज त्यांचे स्मारक आहे. गावी गेलात तर समाधीचे दर्शन घ्या आणि मग या वाड्यातही पाऊल टाका.

स्वातंत्र्य आले आणि माळाचे भाग्य उघडले. १९५४ साली शेजारच्या पिंपरीला हिंदुस्थान अँटिबायोटिक्स हा सरकारी कारखाना स्थापन झाला, आणि पुढच्याच वर्षी तिथे पेनिसिलिन तयार होऊ लागले. ज्या पुण्याने प्लेगमध्ये माणसे किड्यामुंग्यांसारखी मेलेली पाहिली, त्याच्याच दाराशी रोगजंतूंवरचे औषध निघू लागले, हा योग मोठा विलक्षण. पुढे १९६२ साली महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ निघाले. सपाट जमीन, हाताशी लोहमार्ग आणि हमरस्ता, तीन-साडेतीन तासांवर मुंबई आणि जवळ नदीचे पाणी. कारखानदाराला आणखी काय हवे? मोटारी, स्कूटर, यंत्रे, सुटे भाग यांचे कारखाने पिंपरी, चिंचवड, आकुर्डी, भोसरी असे पसरले. अलीकडच्या काळात हा पट्टा इंद्रायणी ओलांडून चाकणपर्यंत पोहोचला. १६६० साली फिरंगोजी नरसाळ्यांनी ज्या चाकणच्या किल्ल्यात शाएस्तेखानाच्या फौजेला दोन महिन्यांच्या आसपास थोपवून धरले, त्या चाकणला आता परदेशी मोटारींचे कारखाने उभे आहेत.

१९७० साली पिंपरी, चिंचवड, आकुर्डी आणि भोसरी मिळून नगरपालिका झाली, १९८२ साली तिची महानगरपालिका झाली. २०११ च्या शिरगणतीत या महानगराची लोकसंख्या सुमारे १७ लाख २७ हजार भरली. मराठवाड्यातून, खानदेशातून, सातारा-सोलापुराकडून, परप्रांतांतूनही माणसे पोटासाठी इथे आली आणि इथलीच झाली. तुमच्या गावातलेही कोणी असतीलच. त्यांना कोणी नावे ठेवू नयेत. या शहराला हात दिले ते त्यांनीच.

पण मंडळी, एवढ्या माणसांना पाणी कोठून आले? ते आले त्याच जुन्या पवनेतून. मावळात पवनेवर धरण बांधले गेले, त्यात सुमारे साडेआठ अब्ज घनफूट उपयुक्त पाणी साठते. धरणातून सोडलेले पाणी नदीच्या पात्रातून वाहत येते आणि चिंचवडाच्या वरच्या अंगाला रावेतच्या बंधाऱ्यापाशी शहरासाठी उचलले जाते. वाटेतले मावळचे शेतकरी याच पात्रावर आपले पंप लावतात. पुढे शहराने विचार केला, की पाणी पात्रातून आणण्यापेक्षा धरणातून थेट बंद नळाने आणावे. त्यात नासाडी कमी आणि पाणी स्वच्छ. शहराच्या बाजूने ही गोष्ट बरोबर दिसते. आता शेतकऱ्याच्या बांधावर उभे राहून पाहा. पाणी नळात गेले तर पात्रात काय उरेल? नळासाठी जमीन कोणाची जाणार? आणि ज्यांची जमीन धरणात एकदा गेली, त्यांच्या पुनर्वसनाचे काय? ९ ऑगस्ट २०११ रोजी मावळात द्रुतगती मार्गावर आंदोलन झाले, पोलिसांच्या गोळीबारात तीन माणसे मृत्युमुखी पडली. एका नदीचे वरचे आणि खालचे शेजारी. त्यांच्यात पाण्यावरून रक्त सांडले. ही गोष्ट इतिहासाच्या पुस्तकात घालायला हवी, आणि भूगोलाच्याही.

वरच्या शेजाऱ्याचे झाले. आता खालच्याकडे वळू. रावेतला उचललेले पाणी शहर वापरते, आणि सांडपाणी होऊन ते पुन्हा पवनेतच येते. काही शुद्ध करून, काही तसेच. रावेत ते दापोडी हा पवनेचा पट्टा केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या २०१८ सालच्या प्रदूषित नद्यांच्या यादीत आहे. म्हणजे मोरया गोसावींची समाधी ज्या काठावर आहे, तोच काठ. मोठा पूर आला की पवना आजही मंदिरात शिरते. पूर्वी भाविक म्हणत, नदी देवाचे पाय धुवायला आली. आता ती काय घेऊन येते, याचा विचार केलेला बरा.

आणि ती तिथे थांबत नाही. दापोडीपाशी पवना मुळेला मिळते, पुण्यात मुळेला मुठा मिळते, आणि मुळा-मुठा पुढे थेऊरवरून जाऊन भीमेला मिळते. भीमा जाते सिद्धटेकवरून. मोरगावची कऱ्हा नीरेला मिळते, आणि नीरा नरसिंहपूरला भीमेलाच. मघाशी ध्यानात ठेवायला सांगितलेली तीन नावे आता जुळली ना? चिंचवडच्या देवांनी सांभाळलेली तिन्ही ठिकाणे एकाच भीमेच्या खोऱ्यात आहेत, आणि त्यांतली दोन तर चिंचवडचेच पाणी ज्या वाटेने जाते त्या वाटेवर. त्यापुढे उजनीचे धरण. तेच पाणी सोलापूर जिल्ह्याची शेते पितात, सोलापूर शहर पिते. आणखी पुढे पंढरपूर. आषाढीला वारकरी ज्या चंद्रभागेत बुडी मारतो, ती हीच भीमा, आणि तिच्यात पवनेचाही वाटा आहे. चिंचवडचा रहिवासी आपल्या मोरीत जे सोडतो, ते त्याच्याच गावाकडच्या, सोलापूरकडच्या भावाच्या उंबऱ्याशी जाते. हा अलंकार नव्हे, हा नकाशा आहे.

म्हणून शिक्षक बंधुभगिनींना माझी एक विनंती आहे. आपल्या गावची नदी असो, ओढा असो, मुलांना एक दिवस काठावर न्या. तीन प्रश्न विचारा. हे पाणी आपल्याकडे येण्याआधी कोणत्या गावांनी वापरले? आपल्याकडून ते कोणत्या गावांना जाते? आणि आपण ते जसे घेतले तसेच पुढे देतो का? गावातल्या म्हाताऱ्या माणसांना सोबत घ्या. पूर कुठवर आला होता, डोह कुठे होता, पाणी कोणत्या महिन्यात आटत असे, हे त्यांना ठाऊक असते. मुलांकडून ते वहीत उतरवून घ्या, आणि उगमापासून थेट समुद्रापर्यंत एक रेघ काढून तिच्यावर आपले गाव दाखवायला सांगा. फळा आणि खडू एवढ्यावर हा धडा होतो. ज्या मुलाने ही रेघ एकदा स्वतःच्या हाताने काढली, ते मोठेपणी नदीत काही टाकताना क्षणभर तरी थांबेल.

चिंचवड आता शहराच्या पोटात गेले आहे. तरी घाटावर उभे राहिले की समोर थेरगाव दिसते, मागे देऊळ असते आणि मधून पवना वाहते. गाव कोणी वसवले, हे तिथे उभे राहिल्यावर कोणाला विचारावे लागत नाही. जिने वसवले तिला आपण कसे ठेवायचे, एवढेच आता आपल्या हाती आहे.