वेलींचा पूल आणि अम्माचं जातं

परदेशप्रवासावर बोला, असं मला सांगण्यात आलं तेव्हा मी जरा बिचकलो. मी काही मोठा प्रवासी नाही. बी. ए.पर्यंत शिकलेला, कविता लिहिणारा आणि आयुष्यातला बहुतेक प्रवास एस. टी.नं केलेला माणूस. पण मुलगा जपानमध्ये नोकरीला आहे. टोकियोत निशी-कासाई नावाचा भाग आहे. तिथं भारतीय कुटुंबं इतकी आहेत, की बागेत अधूनमधून मराठीही कानावर पडतं. गेल्या नोव्हेंबरमध्ये मी आणि माझी पत्नी त्याच्याकडे गेलो होतो. टोकियो पाहून झाल्यावर मुलगा म्हणाला, ‘‘अब्बा, गर्दीचं जपान पाहिलंत. आता दोन दिवस खेड्यातलं जपान बघून या. मला रजा नाही. पण फक्त तुम्हा दोघांसाठी एक गाईड ठरवली आहे.’’ पैसे किती, ते त्यानं सांगितलं नाही. त्याच्या आईनं मात्र दोनदा विचारलं.

आम्ही गेलो ते इया नावाच्या खोऱ्यात. जपानच्या चार मोठ्या बेटांपैकी सर्वांत लहान शिकोकु. त्यातल्या तोकुशिमा प्रांतात, डोंगरांच्या पोटात हे खोरं आहे. टोकियोहून शिंकानसेननं ओकायामाला जायचं, तिथं गाडी बदलून १९८८ साली खुला झालेला सेतो पूल ओलांडायचा. वर मोटारी, खाली रेल्वे आणि त्याखाली समुद्र. मग दरीच्या कडेकडेनं जाणारी गाडी तुम्हाला ओबोके स्थानकावर सोडते. ओबोकेचा अर्थ लोक सांगतात, ‘मोठी पावलं टाकाल तर धोका.’ शेजारच्या स्थानकाचं नाव कोबोके. म्हणजे लहान पावलं टाकलीत तरी धोकाच! पत्नी म्हणाली, ‘‘मग चालायचं तरी कसं?’’

गाईडबाई स्थानकावर हजर होत्या. साठीच्या आसपासच्या, बुटक्या, चपळ. जन्म याच खोऱ्यातला, नोकरी ओसाकात झालेली, निवृत्तीनंतर परत आलेल्या. पूर्वी जपानमध्ये परदेशी पाहुण्यांना पैसे घेऊन त्यांच्या भाषेत माहिती सांगायची, तर सरकारी परीक्षा उत्तीर्ण व्हावी लागे. ती अट २०१८ साली सैल झाली. बाई जुन्या परीक्षेच्या. त्यांचं इंग्रजी सावकाश आणि माझंही सावकाश, त्यामुळे आमचं चांगलं जमलं. माझ्या आडनावापुढं ‘सान’ लावून त्या मला हाक मारत. म्हणजे आपल्याकडचं ‘राव’ किंवा ‘साहेब’ म्हणा.

स्वतंत्र गाईडचा उपयोग काय, ते मला पहिल्याच रात्री कळलं. जपानी स्वयंपाकात मिरिन नावाची तांदळाची गोड दारू रश्शात सहज घालतात. बाईंनी आधीच मुक्कामाच्या घरी फोन करून मांस आणि मिरिन, दोन्ही टाळायला सांगितलं होतं. खोलीत जमिनीवर तातामीच्या चटया होत्या. पश्चिम कुठली, असं मी विचारलं, तेव्हा कारण न विचारता त्यांनी खिडकीकडे हात केला आणि दार ओढून घेतलं. पश्चिमेहून किंचित उत्तरेकडे तोंड करून त्या चटईवर मी नमाज पढलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी वेलींचा पूल पाहिला. काझुराबाशी त्याचं नाव. लांबी ४५ मीटर, रुंदी दोन मीटर आणि खाली १४ मीटरवर नदी. किवी फळाच्या कुळातल्या रानवेली विणून तो केलेला आहे. पायांखालच्या फळ्यांमध्ये इतकी फट, की पाणी दिसतं. ११८५ साली दान-नो-उराच्या समुद्रयुद्धात हेइके घराण्याचा पाडाव झाला. त्यातले वाचलेले लोक या दऱ्यांत येऊन लपले, अशी आख्यायिका आहे. शत्रू आलाच तर पूल कापून टाकता यावा, म्हणून तो वेलींचा. कुणी म्हणतात, कोबो दाइशी या साधुपुरुषानं गावकऱ्यांसाठी तो बांधून दिला. पूल डोलत होता. पत्नी माझ्या पुढं होती आणि कठड्याची वेल सोडत नव्हती.

पलीकडे गेल्यावर बाईंनी वेल बाजूला करून आतली पोलादी तार दाखवली. म्हणाल्या, ‘‘ही पाहा. सुरक्षेसाठी घातलेली. लपवण्यासारखं काही नाही.’’ मग त्यांनी सांगितलं, की दर तीन वर्षांनी हा पूल उतरवून नव्यानं विणतात. जवळच्या रानात वेली पुरेशा मिळत नाहीत, लांबून आणाव्या लागतात. म्हणजे मी ज्याला शेकडो वर्षांचा पूल समजत होतो, त्यातली एकही वेल तीन वर्षांपेक्षा जुनी नव्हती. जुनी होती ती विणण्याची रीत. ही गोष्ट मी तेव्हा नुसती ऐकून घेतली.

तिथून ओचिआई या वस्तीकडे गेलो. डोंगराच्या उतारावर एकावर एक घरं. सर्वांत खालच्या आणि सर्वांत वरच्या घरात ३९० मीटर उंचीचा फरक. २००५ साली जपान सरकारनं ही वस्ती जतन करायची म्हणून नोंदवली आहे. उतार इतका तीव्र, की भातखाचरं नाहीत. गव्हासारखं वापरलं जाणारं सोबा नावाचं धान्य, बाजरीच्या जातीची बारीक धान्यं आणि बटाटे हीच पिकं. शेतांत गवताच्या उंच गंजी उभ्या होत्या. हे गवत कापून मातीवर पसरतात, म्हणजे पावसात माती वाहून जात नाही. तरीही जी खाली घसरते, ती शेतकरी अवजारानं पुन्हा वर ओढून घेतात. या शेतीपद्धतीला संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेनं २०१८ साली जागतिक महत्त्वाचा कृषिवारसा म्हणून मान्यता दिली. आमच्या बार्शीकडच्या सपाट रानात वाढलेल्या माणसाला माती वर ओढणं हे नवीनच.

मुलानं दिलेल्या कागदावर यानंतर लिहिलं होतं : ‘वृद्ध शेतकरी स्त्रीच्या घरी भेट.’ बाईंनी वळणावर गाडी थांबवली. ‘‘मी आधी विचारून येते,’’ म्हणाल्या. दहा मिनिटांनी परत आल्या. ‘‘आज त्यांना पाहुणे नकोत. माफ करा.’’ आणि गाडी वळवली.

खरं सांगतो, मला राग आला. पैसे दिले होते ना आम्ही! पण गाडी उतरणीला लागली आणि मला आमचं गाव आठवलं. मी शाळेत असताना शहरातले दोन पाहुणे कॅमेरा घेऊन आले होते. अम्मा जात्यावर बसली होती. त्यांनी न विचारता तिचे चार-पाच फोटो काढले. अम्मा काही बोलली नाही, पदर पुढं ओढून दळत राहिली. मात्र तिचं गाणं थांबलं, ते पाहुणे गल्लीच्या बाहेर जाईपर्यंत. हे मला इतकी वर्षं आठवलं नव्हतं. मी बाईंना म्हणालो, ‘‘तुम्ही बरोबर केलंत.’’ त्या नुसत्या किंचित वाकल्या.

दुपारी नागोरोला पोहोचलो. रस्त्याकडेला माणसं बसलेली दिसली. शेतात, बसथांब्यावर, घराच्या ओट्यावरही. जवळ गेल्यावर कळलं, ही सगळी बुजगावणी. त्सुकिमी आयानो नावाच्या बाई या शतकाच्या सुरुवातीला म्हाताऱ्या वडिलांची देखभाल करायला ओसाकाहून गावी परतल्या. पाखरं हाकलायला त्यांनी एक बुजगावणं केलं. ते हुबेहूब वडिलांसारखं झालं. मग जो शेजारी वारला, जो गाव सोडून गेला, त्याचं एक एक बुजगावणं होत गेलं. आज त्यांची संख्या तीनशेच्या वर आहे आणि जिती माणसं तिसाहूनही कमी. गावची शाळा २०१२ साली बंद झाली. वर्गात बाकांवर बुजगावणी बसली आहेत. त्यांत शाळा सोडणारे शेवटचे दोन विद्यार्थीही आहेत.

बाहेर आलो तेव्हा पत्नी गप्प होती. मग म्हणाली, ‘‘आपल्या गल्लीत असं करायचं ठरवलं, तर किती लागतील?’’ मी मोजायला लागलो. तांबोळ्यांचं घर पुण्याला गेलेलं, मुलाण्यांची तीन घरं बंद, सुताराची मुलं सुरतेला. तेविसावर मोजणं सोडून दिलं.

संध्याकाळी बाई आम्हाला एका घरगुती दुकानात घेऊन गेल्या. इथले सोबा म्हणजे शेवया जाड आणि तुटक असतात, कारण त्यांत गव्हाचं पीठ फारसं घालत नाहीत. दुकानाच्या कोपऱ्यात दगडी जातं होतं. आपल्यासारखंच. वर घास घालायला भोक, बाजूला लाकडी खुंटा. दुकानाच्या म्हाताऱ्या मालकीणबाईंनी मूठभर धान्य घातलं, खुंटा धरला आणि गाऊ लागल्या. इयाचं दळणाचं गाणं जपानभर माहीत आहे. वेलींचा पूलही त्यात येतो. मला एक शब्द कळला नाही. पण हात पुढं जाताना स्वर लांबायचा आणि हात परत येताना मिटायचा, तो श्वास मला ओळखीचा होता. बालपणी पहाटे त्याच श्वासानं मी जागा होत असे.

माझी अम्मा घरात दखनी बोलायची, पण जात्यावर बसली की तिच्या ओव्या मराठी. शेजारच्या काकू समोर बसायच्या. त्यांच्या ओवीत विठोबा आला, की अम्माच्या ओवीत पीर यायचा आणि मग दोघींच्या ओवीत भाऊ आणि माहेर. पुढं गावात पिठाची गिरणी आली. अम्माला वाईट वाटलं का? मुळीच नाही. हाताचे घट्टे दाखवून ती म्हणाली होती, ‘‘सुटले बाई.’’ म्हणून जात्याचं उगाच कौतुक करणाऱ्या कविता मला लिहिता येत नाहीत.

हे मी गाईडबाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, ‘‘माझी आजीही जात्याला शिव्या द्यायची. पण गाणं तिला आवडायचं. ते मी पूर्ण शिकले नाही. ओसाकाला गेले. तुम्हाला तुमच्या आईचं गाणं येतं?’’

श्रोतेहो, मी कवी आहे. मुशायऱ्यात आणि संमेलनात कविता वाचल्या आहेत, ओवीवर लेखसुद्धा लिहिला आहे. हेमा राइरकर आणि गी पॉइटवँ यांनी खेडोपाडी फिरून जात्यावरच्या लाखभर ओव्या जमवल्या, हे मी त्या लेखात कौतुकानं सांगितलं होतं. पण माझ्या अम्माच्या ओव्या? मला दोन आठवल्या, आणि दुसरी अर्धीच. अम्मा जाऊन नऊ वर्षं झाली.

रात्री झोप आली नाही. डोक्यात सकाळचा पूल आणि दुपारची बुजगावणी होती. बुजगावण्यात चेहरा राहतो, आणि तेही काही कमी नाही. त्या बाईंनी ते प्रेमानं केलं आहे. पण पूल राहिला, तो कुणीतरी दर तीन वर्षांनी विणायला बसतं म्हणून. आत पोलादी तार घालावी लागली तरी हरकत नाही. मी अम्माच्या ओव्यांवर लेख लिहिला, म्हणजे चेहरा केला. विणायला मात्र बसलो नाही.

परत आल्यावर मी मोठ्या बहिणीकडे, आपाकडे, गावी गेलो. तिला म्हणालो, ‘‘अम्माच्या ओव्या सांग.’’ ती म्हणाली, ‘‘अशा बसून नाही आठवत रे. जातं कुठाय?’’ जात्याची वरची तळी रांजणाखाली सापडली, खालची धुण्याच्या जागी. तिच्या नातवानं बाभळीचा नवा खुंटा ठोकून बसवला. आपाचे गुडघे दुखतात, म्हणून पाटावर उशी ठेवली. ज्वारीची मूठ टाकली, दोन फेरे झाले आणि तिला पहिली ओवी आठवली.

त्या दिवशी एकोणीस ओव्या निघाल्या. नातीनं मोबाइलवर आवाज भरून घेतला. एका ओवीत ‘वैरण’ हा शब्द आला. जात्यात घालायच्या मुठीला वैरण म्हणतात, हे तिला माहीत नव्हतं. तिनं विचारलं, ‘‘नानी, म्हणजे गुरांचा चारा ना?’’ आपानं तिचा हात धरून ज्वारीत घातला, मूठ भरायला लावली आणि म्हणाली, ‘‘ही. आता तू टाक.’’

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)